तालमीची दहा मिनिटं: काराबाशच्या ‘मुझिकान्त्सी’चं प्रकरण

वॉर्सातल्या ट्राम-दुरुस्तीच्या कारखान्यात दणदणाट चाललाय. लोखंडावर लोखंड आपटतंय, शेजारच्याचं बोलणंही ऐकू येऊ नये इतकं. मग काम सुटतं. ट्राम-कामगारांच्या हौशी बँडमधली माणसं, त्यांतली बरीचशी उतारवयाची, एका खोलीत जमतात. वाद्यं बाहेर निघतात, पुसली जातात, सूर लावून बघितले जातात. समोर म्हातारा बँडमास्तर. तो सुरू करायला सांगतो, थांबवतो, कुठे चुकलं ते सांगतो, पुन्हा पहिल्यापासून. असं करत करत सुरावट बसते, आणि फिल्म संपते.

पोलिश दिग्दर्शक काझिमिएश काराबाशचा ‘मुझिकान्त्सी’, म्हणजे ‘वाजवणारे’, हा माहितीपट एवढाच आहे. १९६० सालचा, कृष्णधवल, जेमतेम दहा मिनिटांचा. निवेदन नाही, मुलाखत नाही, कुणाचं नावगाव सांगणं नाही. त्याच वर्षी व्हेनिसमध्ये त्याला पुरस्कार मिळाला. पुढे तीसेक वर्षांनी नामवंत पोलिश दिग्दर्शक क्शिश्तोफ किश्लोव्स्कीने एका ब्रिटिश सिनेमासिकासाठी स्वतःवर परिणाम करणाऱ्या दहा चित्रपटांची यादी दिली, तेव्हा फेलिनी, ब्रेसाँ, तारकोव्स्की यांच्या चित्रपटांच्या रांगेत त्याने ही छोटीशी फिल्म बसवली.

तिच्याबद्दल लिहिणारे लोक फार लवकर ‘कविता’ या शब्दावर येतात. मला तो शब्द इथे आळशी वाटतो. कविता म्हटलं की पुढे काही विचारायचंच उरत नाही. त्यापेक्षा हे प्रकरण सरळ कामाच्या अंगाने पाहावं: तिशीचा दिग्दर्शक, सरकारी स्टुडिओ, अवजड सामान, आणि प्रचारासाठी अगदी आयता असलेला विषय. या चार गोष्टींमधून त्याने ही दहा मिनिटं कशी काढली?

विषय आयता होता म्हणजे किती, ते आधी पाहू. नोव्हेंबर १९४९ मध्ये विस्वा या गावी पोलिश चित्रपटकर्मींचं संमेलन झालं आणि तिथे समाजवादी वास्तववाद, म्हणजे कलेने समाजवादाची यशोगाथाच दाखवायची, हेच अधिकृत धोरण ठरलं. त्यानंतरच्या पाच-सहा वर्षांत माहितीपट म्हणजे चित्रांवर अखंड बोलणारा भारदस्त पुरुषी आवाज, असं समीकरण झालं. प्रेक्षकाने काय पाहायचं, त्यातून काय समजायचं आणि कशाचा अभिमान बाळगायचा, हे सगळं तो आवाजच सांगे. चित्रं तोंडी लावण्यापुरती. कामगारांचा हौशी बँड हा त्या काळातला हुकमी विषय ठरला असता. दिवसा उत्पादन, संध्याकाळी संस्कृती. शेवटी मे दिनाच्या मिरवणुकीत बँड वाजवत चाललाय, दुतर्फा माणसं हसतायत, आकाश निरभ्र. ही फिल्म डोळे मिटून लिहिता येते, आणि अशा पुष्कळ फिल्म्स लिहिल्या गेल्या.

१९६० साली ते धोरण अधिकृतरीत्या गळून पडलेलं होतं, पण सवय गेली नव्हती. व्यवस्थाही तीच होती. वॉर्सातल्या हेउम्स्का रस्त्यावरचा सरकारी माहितीपट स्टुडिओ पैसे देणार, विषय मंजूर करणार, तयार झालेली फिल्म समितीसमोर दाखवली जाणार, आणि मग ती चित्रपटगृहात मुख्य चित्रपटाच्या आधी लागणार. प्रेक्षक आलेला असे तो दुसऱ्याच कशासाठी. कोटाची बटणं काढत, शेजारच्याशी बोलत तो ही दहा मिनिटं बघणार. हा मुद्दा महोत्सवांच्या इतिहासात हमखास हरवतो.

काराबाश १९३० सालचा, बिद्गोश्चचा. वूचच्या चित्रपट शाळेतून १९५०च्या दशकाच्या मध्यावर बाहेर पडला, तेव्हा पोलंडमध्ये राजकीय दडपशाहीचं बर्फ वितळायला लागलं होतं. जून १९५६ मध्ये पोझनानच्या कामगारांचा उठाव चिरडला गेला, ऑक्टोबरमध्ये सुधारणावादी समजला जाणारा कम्युनिस्ट नेता गोमुल्का सत्तेवर आला, आणि आजवर पडद्यावर जे अस्तित्वातच नव्हतं ते दाखवायला काही काळ मुभा मिळाली. गुंडगिरी, दारू, वेश्याव्यवसाय, युद्धात पडलेल्या इमारतींत राहणारी कुटुंबं. या माहितीपटांना ‘काळी मालिका’ असं नाव पडलं. सुरुवात येझी होफमन आणि एडवर्ड स्कुझेव्स्की यांच्या गुंड पोरांवरच्या फिल्मने झाली, उठावाच्याही आधी, १९५५ मध्ये. काराबाशनेही आपला वर्गमित्र व्वादिस्वाव श्लेशित्स्की याच्यासोबत दोन फिल्म्स केल्या. एक वॉर्साच्या तारगूवेक या उपेक्षित वस्तीवर, दुसरी रिकामपणात भरकटलेल्या तरुणांवर.

काळ्या मालिकेचं धाडस मोठं होतं, त्याबद्दल वाद नाही. पण आज त्या फिल्म्स पाहताना एक गोष्ट खटकते. आशय पालटला होता, आवाज तोच होता. आधी जो निवेदक यशोगाथा सांगत होता तोच आता तितक्याच ठासून दुरवस्था सांगतोय. शिवाय दृश्यं बरीचशी रचलेली. येझी बोसाक आणि यारोस्वाव ब्जोझोव्स्की यांच्या वॉर्सावरच्या १९५६च्या फिल्ममध्ये पडक्या घरात दोरीने बांधून ठेवलेलं तान्हं मूल सुटतं आणि तुटलेल्या मजल्याच्या काठाकडे रांगत जातं. पाहणाऱ्याच्या पोटात गोळा येतो. आणि दुसऱ्याच क्षणी मनात येतं, की कॅमेरा त्या मुलाच्या समोर कसा काय तयार होता? एकदा हा प्रश्न पडला की दृश्याची पकड सुटते. वस्तुस्थिती खरीच होती, अशी घरं होती, अशी मुलं होती. पण खरं सांगण्यासाठी जे उभं केलं त्यानेच शंकेला वाट करून दिली.

मोकळीकही फार टिकली नाही. ऑक्टोबर १९५७ मध्ये ‘पो प्रोस्तु’ हे तरुणांचं बंडखोर साप्ताहिक बंद केलं गेलं, आणि दशक संपेपर्यंत काळी मालिकाही आटली. आता काराबाशपुढे अडचण दुहेरी होती. ओरडायला परवानगी नव्हती, आणि ओरडण्यावरचा त्याचा स्वतःचा विश्वासही, फिल्म्सवरून तरी दिसतं, उडत चालला होता.

मग तो ट्राम-कामगारांच्या बँडकडे वळला.

इथे सामानाचा हिशेब सांगायला हवा, कारण त्याशिवाय त्याच्या निवडीतली हुशारी कळत नाही. १९६० हे वर्ष माहितीपटाच्या इतिहासात गाजतं ते दुसऱ्याच कारणाने. अमेरिकेत रॉबर्ट ड्रू आणि मंडळी केनेडीच्या प्रचारमोहिमेत खांद्यावर कॅमेरा घेऊन शिरली, चित्रासोबतच आवाज टिपत. पॅरिसमध्ये ज्याँ रूश आणि एडगर मोरँ यांनी रस्त्यावर लोकांना गाठायला सुरुवात केली. निरीक्षणात्मक माहितीपट म्हटलं की आपल्या डोळ्यांपुढे हीच प्रतिमा येते: हलका कॅमेरा, मोकळा हात, घडेल तसं टिपणं. वॉर्सात यातलं काहीच नव्हतं. होता तो ३५ मिलिमीटरचा कॅमेरा, घरघर आवाज करणारा. १२० मीटरचं मॅगझिन साडेचार मिनिटांच्या आत संपणार, की पुन्हा भरा. कमी प्रकाशात न चालणारी फिल्म, म्हणजे खोलीत दिवे लावणं आलं. ध्वनिमुद्रण वेगळं, आणि चित्राशी त्याची सांगड नंतर संकलनाच्या टेबलावर घालायची. असलं लटांबर घेऊन ‘भिंतीवरची माशी’, म्हणजे कुणाच्या लक्षातही न येता बघणारा, कोण होणार? खोलीत शिरलात की सगळे तुमच्याकडेच बघणार.

काराबाशची युक्ती, आणि या फिल्मबद्दल माझं जे काही म्हणणं आहे ते एवढंच, अशी की त्याने कॅमेरा लपवला नाही, हलका केला नाही. त्याने अशी परिस्थिती निवडली जिथे माणसांचं लक्ष आधीच दुसरीकडे बांधलेलं होतं. बँडच्या तालमीत वाजवणाऱ्याला समोरचा कागद वाचायचा असतो, मास्तरच्या हाताकडे बघायचं असतं, शेजारच्याचं वाद्य ऐकायचं असतं आणि आपला श्वास सांभाळायचा असतो. त्यात पुन्हा चुकलं तर सगळ्यांसमोर ऐकून घ्यायचं. एवढं सगळं असताना कॅमेऱ्याकडे बघायला सवड कुणाला? साठीतला माणूस कठीण जागेपाशी येतो तेव्हा त्याच्या चेहऱ्यावर जे उमटतं ते दिव्यांच्या झोतातही खोटं करता येत नाही.

आणि तालीम ही एकाच कॅमेऱ्यासाठी दुसऱ्याही अंगाने सोयीची. तालमीत तीच जागा पुन्हा पुन्हा वाजते. पहिल्या वेळी मास्तर टिपा, दुसऱ्या वेळी क्लॅरिनेटवाला, तिसऱ्या वेळी कुणाची तरी बोटं. कुणालाही ‘पुन्हा करून दाखवा’ म्हणावं लागत नाही, मास्तरच ते म्हणत असतो. मागच्या पिढीच्या माहितीपटकारांना जे रचावं लागत होतं ते इथे प्रसंगाच्या स्वभावातच होतं. शूटिंग नेमकं याच क्रमाने झालं असा माझा दावा नाही. पण फिल्म पाहताना हा हिशेब जुळतो, आणि ज्याने कधी एका कॅमेऱ्याने वाद्यवृंद टिपायचा प्रयत्न केलाय त्याला तो लगेच पटेल.

छायाचित्रण स्तानिस्वाव न्येदबाल्स्कीचं, संकलन लिदिया झोनचं. दोघांचीही नावं काराबाशच्या नावाच्या सावलीत राहतात, ते बरोबर नाही. न्येदबाल्स्की चेहऱ्यांजवळ जातो, पण चिकटत नाही. राबलेले, जाड बोटांचे हात वाद्यावर किती हलकेपणाने फिरतात हे तो दाखवतो आणि पुढे जातो. त्यावर रेंगाळला असता तर ‘कष्टकऱ्यांच्या हातांत कला’ असा फलक लागला असता. झोनच्या संकलनातली गोम तर त्याहून मोठी. एकाचा आवाज आणि दुसऱ्याचा चेहरा, अशी तिची पद्धत. मास्तर बोलतोय आणि आपण ऐकणाऱ्याकडे बघतोय. चुकलंय कुणाचं ते आपल्याला नेमकं कळत नाही, पण बोलणं कसं घेतलं जातंय ते दिसतं: कुणी मान हलवतो, कुणी कागदात डोकं खुपसतो. चित्र आणि आवाज एकाच वेळी टिपता येत नव्हते, ही खरं तर उणीव. झोनने त्या उणिवेकडूनच काम करून घेतलं. ओठ जुळवायची सक्ती नसल्यामुळे चेहरे मोकळे झाले, ऐकणारा माणूस हाच फिल्मचा नायक बनला.

आवाजाबद्दल आणखी थोडं. निवेदन काढून टाकलं की जी जागा रिकामी होते ती कशाने भरायची, हा प्रश्न काराबाशच्या आधीही कुणाला तरी पडला होता. पोलिश दिग्दर्शक आंजेय मुंकने १९५८ मध्ये वॉर्साच्या जुन्या शहरातून फिरणाऱ्या व्हायोलिनवाल्या मुलीवर एक लघुपट केला, त्यात शहराचे आवाजच संगीतासारखे वापरले. पण तो खेळकर, कल्पनेचा लघुपट. काराबाशने आवाजाला सरळ वाक्यरचनेचं काम दिलं. आधी कारखान्याचा गोंगाट, मग वाद्यांची बेसूर चाचपणी, मग तुकडे, मग सलग सुरावट. पहिल्या मिनिटातल्या त्या ठोकाठोकीशिवाय शेवटची सुरावट नुसता एक साधा, हौशी बँडने वाजवलेला तुकडा आहे. ठोकाठोकी ऐकून आलेल्या कानाला ती वेगळी ऐकू येते. कामगार, श्रम, विश्रांती, प्रतिष्ठा यांबद्दल निवेदक जे दहा वाक्यांत बोलला असता ते या क्रमाने सांगून होतं, आणि समितीला खोडायला वाक्यच सापडत नाही.

तितकाच मोठा निर्णय म्हणजे कार्यक्रम न दाखवणं. बँडवरच्या फिल्मचा शेवट कुठे व्हायला हवा ते शेंबडं पोरही सांगेल: व्यासपीठ, गणवेश, टाळ्या. काराबाश त्या दाराशी जाऊन परत फिरतो. टाळ्या दाखवल्या की प्रेक्षकाला पडद्यावरचे प्रेक्षक सांगतात काय वाटून घ्यायचं, म्हणजे निवेदक मागच्या दाराने परत आला. शिवाय ही माणसं कार्यक्रमासाठी जमतात की तालमीसाठी, याचं उत्तर फिल्मकडे आहे.

आता आक्षेपाकडे. तो पोलंडमध्येही घेतला गेला आणि पोकळ नाही. काळ्या मालिकेत जो माणूस तारगूवेकच्या गल्लीत शिरला होता तो तीन-चार वर्षांत तालमीच्या खोलीत जाऊन दार लावून बसला, हे माघार घेणं नव्हे काय? १९६०चं पोलंड म्हणजे काही सुखी देश नव्हता. घरांची टंचाई होती, पगार तुटपुंजे होते, राजकीय मोकळीक आकसत होती. ट्राम-कामगारांची संध्याकाळ दाखवताना त्यांची मजुरी, त्यांचं घर, त्यांची संघटना यांतलं काही फिल्ममध्ये येत नाही. राज्यकर्त्यांना असा समाधानी कामगार आवडलाच असेल.

माझं मत विचाराल तर माघार होती, पण रिकाम्या हाताने नव्हती. काळ्या मालिकेतली माणसं ही उदाहरणं होती: गुंडाचं उदाहरण, बेघराचं उदाहरण. त्यांच्यावर बोललं जात होतं. ‘मुझिकान्त्सी’तला एकही माणूस कशाचंही उदाहरण नाही. दहा मिनिटांत नाव न सांगता सात-आठ माणसं वेगवेगळी ओळखू येतात, हे प्रचारपटाला कधीही साधलं नव्हतं, आणि खरं म्हणजे निषेधपटालाही नाही. तरीही आक्षेप पूर्ण पुसला जात नाही. ज्यांचं लक्ष कामात बांधलेलं आहे अशीच माणसं टिपायची ठरवलं, की ज्यांचं लक्ष कशातच बांधलेलं नाही, जे बेकार आहेत, चिडलेले आहेत, रांगेत उभे आहेत, ते चौकटीबाहेर राहतात. पद्धतीची ताकद आणि तिचं आंधळेपण एकाच जागी आहे.

काराबाशलाही ते जाणवलं असावं, कारण पुढच्या वर्षांत तो विषय ताणून बघतो. आधी फिरती सर्कस, मग रेल्वे जंक्शन: दोन्हीकडे पुन्हा कामात गढलेली माणसं, पद्धत शाबूत. १९६७च्या ‘रोक फ्रांका व्’ (‘फ्रानेक व्.चं वर्ष’) मध्ये मात्र त्याने खेड्यातून बाहेर पडून युवक-श्रमपथकात दाखल झालेल्या एका पोराचा वर्षभर माग घेतला, आणि तिथे घोडं अडलं. एका तालमीला सुरुवात आणि शेवट असतो, वर्षाला नसतो. विशीतल्या पोराच्या आयुष्यातलं महत्त्वाचं बरंचसं त्याच्या डोक्यात चालतं. म्हणून काराबाशला पुन्हा शब्द आणावे लागले, फक्त या वेळी ते निवेदकाचे नव्हते, त्या पोराच्या स्वतःच्या नोंदींतले होते. मला ही फिल्म ‘मुझिकान्त्सी’हून ओबडधोबड वाटते आणि कदाचित म्हणूनच जास्त वेळ छळते. अनुभवाचं सार त्याने पुढे, १९७९ मध्ये, पुस्तकात मांडलं. त्याचं शीर्षक ‘सोशिक डोळा’.

दरम्यान तो वूचच्या शाळेत शिकवत होता आणि किश्लोव्स्की त्याच्या विद्यार्थ्यांपैकी एक. गुरूची पद्धत शिष्याने कुठवर नेली हे पाहिलं तर त्या पद्धतीची मर्यादाही दिसते. किश्लोव्स्कीचा १९७६चा इस्पितळावरचा माहितीपट थेट या घराण्यातला: शस्त्रक्रिया करणारे थकलेले डॉक्टर, अपुरी साधनं, तासामागून तास. लक्ष पुन्हा कामात बांधलेलं. फरक एवढाच, की काम करताना मोडणारी साधनंही आता चौकटीत आली आणि त्यासोबत ती साधनं पुरवणारी व्यवस्थाही. काराबाशवरच्या आक्षेपाला मिळालेलं हे मला माहीत असलेलं सगळ्यात चांगलं उत्तर.

पण पुढे किश्लोव्स्की वॉर्साच्या मध्यवर्ती स्थानकात शिरला. सामान ठेवायच्या कपाटांपाशी धडपडणारे प्रवासी तो बरंचसं त्यांच्या नकळत टिपत होता. एका रात्री पोलिसांनी त्याची फिल्म जप्त केली. एका मुलीने आईचा खून करून मृतदेहाचे तुकडे त्याच स्थानकातल्या कपाटांत ठेवल्याचं प्रकरण होतं आणि ती चित्रीकरणात आली असावी असा त्यांचा कयास होता. ती आलेली नव्हती. पण आली असती तर, या विचाराने किश्लोव्स्की हादरला. आपण टिपलेलं कुणाच्या हातात जाईल आणि कशासाठी वापरलं जाईल हे आपल्या हातात नाही, हे त्याला कळलं, आणि माहितीपटापासून दूर जाण्याचं एक कारण म्हणून तो पुढे हाच प्रसंग सांगत असे.

कथापटांकडे वळल्यावर खरे अश्रू टिपायची आपल्याला भीती वाटते, असंही तो म्हणाला होता. ट्राम-कामगारांच्या खोलीत हा पेच नव्हता. तिथे दिवे लागलेले होते, कॅमेरा घरघरत होता, कुणालाही अंधारात ठेवलेलं नव्हतं, आणि चुकीचा सूर पकडायचा तर ते काम मास्तरच्या कानाचं होतं.